शेंदूर लागण्याआधी

साक्री तालुक्याच्या पश्चिम पट्ट्यात, पिंपळनेरच्याही पलीकडे, एका आश्रमशाळेत मी एकवीस वर्षं चित्रकला शिकवली. मुलं बहुतेक कोकणा आणि भिल्ल. रंगपेटी पहिल्यांदा हातात घेतलेली, पण रेघ मात्र पक्की. शहरात शिकून आलेल्या माझ्यासारख्याला ती रेघ पाहून पहिली दोन वर्षं बोलायला सुचत नसे.

नववीतल्या एका मुलाने एकदा वाघदेव काढला. शिवारात उभा असतो तसाच: लाकडाचा खांब, त्यावर वाघ, वर सूर्य-चंद्र, बाजूने चढत गेलेला नाग. ते चित्र मी एका मोठ्या शहरातल्या प्रदर्शनाला पाठवलं आणि उद्घाटनाला स्वतः गेलो. चित्राला चौकट उत्तम केली होती, प्रकाश नेमका सोडला होता. खाली पट्टी होती: ‘आदिवासी चित्र, धुळे जिल्हा’. मुलाचं नाव नव्हतं. मी अर्जात लिहिलं होतं, चित्राच्या मागेही लिहिलं होतं. विचारलं, तर तिथले एक गृहस्थ मनापासून म्हणाले, “सर, ही कला समूहाची असते. तिच्यात ‘मी’ नसतो, आणि तेच तिचं मोठेपण. आपल्यासारखा अहंकार या लोकांना नाही.”

मी तिथे काही बोलू शकलो नाही. साक्रीला परतताना एस. टी.त रात्रभर ते वाक्य डोक्यात फिरत राहिलं. त्यात अर्धं खरं होतं, म्हणूनच ते जास्त बोचत होतं. देव काढायचा आणि त्याखाली आपलं नाव घालायचं, हे बरोबर आहे का? ‘मी’ गळून पडावा यासाठीच सगळी साधना असेल, तर नावासाठी भांडणारा मी कोणता धर्म पाळत होतो?

आमच्याकडे मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाचा उत्सव असतो. व्रत धरलेल्यांना माऊली म्हणतात. पौर्णिमेपर्यंत ते पथ्य पाळतात, पावरीच्या सुरावर नाचतात आणि शेवटी देवाच्या डोंगराकडे जातात. त्या रात्री कोणाच्या अंगात वारं आलं, पावरी कोणी फुंकली, हे कोणी लिहून ठेवत नाही. ठेवूही नये. तिथे प्रत्येकाने आपलं नाव स्वतःच्या हाताने खाली ठेवलेलं असतं, आणि उत्सव संपला की ते परत उचलायची त्याला मोकळीक असते.

प्रदर्शनात मात्र तसं काही नव्हतं. दारातल्या फलकावर उद्घाटकांचं नाव होतं, प्रायोजकांची होती, मांडणी करणाऱ्यांचं होतं. पुस्तिकेत प्रस्तावना लिहिणाऱ्याचं नाव छायाचित्रासह होतं. एवढ्या सगळ्यांचा ‘मी’ भिंतीवर झळकत असताना अहंकार सोडायचा तो फक्त चौदा वर्षांच्या एका मुलाने. याला मी वैराग्य म्हणणार नाही. कोणी स्वखुशीने सोडतो तो त्याग. दुसऱ्याने परस्पर सोडायला लावलं तर ते हिरावून घेणं.

त्या मुलाचे आजोबा गावासाठी वाघदेव कोरतात. पट्टीची गोष्ट त्यांना सांगायला मला संकोच वाटत होता, पण सांगितली. आणि मनातला प्रश्नही विचारला: बाबा, देवावर नाव घालावं का? त्यांनी घरापुढे पडलेल्या सागाच्या ओंडक्याकडे बोट केलं आणि मला समजेल अशा अहिराणीत म्हणाले, “शेंदूर लागना का देव व्हयना. तवलोंग मना हातनं लाकूड.” शेंदूर लागला की देव, तोवर माझ्या हातचं लाकूड.

स्थापना आणि घडण यांतला भेद मी पुस्तकांत वाचला होता. तो इतका स्वच्छ कधी दिसला नव्हता. शेंदूर लागलेला वाघदेव कोणत्याही दालनात नेऊ नये, त्याची किंमत विचारू नये, तो गावाचा आहे. पण त्याआधीचं जे आहे, म्हणजे लाकडाची निवड, वाघाच्या पाठीची वळणदार रेघ, नाग कुठून वर चढवायचा हा निर्णय, ते एका माणसाचं आहे. ते कागदावर आलं, दालनात टांगलं गेलं, विकलं गेलं, तरी देव जागचा हलत नाही. प्रश्न फक्त त्या माणसाचा उरतो.

आणि नाव म्हणजे अहंकार असं ज्यांना वाटतं, त्यांनी आपल्या संतांकडे पाहावं. ‘मी’ विरघळवण्याची शिकवण वारकऱ्यांइतकी घरोघर कोणी नेली? तरी अभंगाच्या शेवटी नाव येतंच. तुकारामांचं येतं, जनाबाईचं येतं, चोखोबांचंही येतं. ज्या चोखोबांना जातीमुळे देवळाच्या आत पाऊल टाकता आलं नाही, त्यांचं नाव त्यांच्या शब्दांत साडेसहाशेहून अधिक वर्षं चालत आलं आहे, आणि त्यांची समाधी विठ्ठलाच्या महाद्वारासमोर आहे. परंपरा सांगते की चोखोबांचे अभंग अनंतभट्टांनी लिहून घेतले. लेखणी एकाची, नाव दुसऱ्याचं. अनंतभट्टांनी ‘मंगळवेढ्याकडचा एक महार गातो’ एवढंच लिहिलं असतं, तर आज आपल्याकडे चोखामेळा नसता. आमच्या खानदेशातही हे घडलं. लिहिता न येणाऱ्या बहिणाबाई चौधरींची गाणी घरातल्यांनी उतरवून घेतली, मुलगा सोपानदेव ती आचार्य अत्र्यांकडे घेऊन गेला, १९५२ मध्ये पुस्तक निघालं. ‘खानदेशी लोकगीतं’ या नावाखाली ती सहज हरवली असती.

दालनाने अनंतभट्ट व्हावं, एवढंच माझं मागणं. अवघड नाही, कारण ते झालेलं आहे. चित्रकार भास्कर कुलकर्णी डहाणूकडे वारली पाड्यांवर गेले, त्यांनी तिथे कागद नेला, आणि १९७५ मध्ये मुंबईच्या केमोल्ड गॅलरीत गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांची चित्रं लागली. ती जिव्या सोमांची म्हणून लागली. २०११ मध्ये पद्मश्री आली, तीही त्याच नावाला.

पण इथेच मला थांबायला होतं. वारल्यांचा लग्नचौक मुळात सुवासिनी काढत. पालघट देवी भिंतीवर तांदळाच्या पिठाने उतरली नाही, तर लग्न लागत नसे. कागद आला, मागणी आली आणि बरीचशी चित्रं पुरुषांच्या हाती गेली. त्या बायकांपैकी किती जणींची नावं आपल्याला ठाऊक आहेत? उलट झाबुआकडच्या भुरीबाई पाहा. पिठोरा हे विधीचं चित्र भिंतीवर काढण्याचा मान त्यांच्या भिल्ल समाजात पुरुषांचा. भोपाळला भारत भवनाच्या बांधकामावर त्या मजूर होत्या. तिथे चित्रकार जगदीश स्वामीनाथन यांनी त्यांच्यापुढे कागद ठेवला. परंपरेने जी भिंत दिली नव्हती ती कागदाने दिली. २०२१ मध्ये त्यांनाही पद्मश्री मिळाली. म्हणजे दालन हे काही आपोआप पुण्य नव्हे. कोणाला भिंत मिळते आणि कोणाची जाते, हे दर वेळी नव्याने पाहावं लागतं.

मुंबईत कुलाब्याला २०१० मध्ये सुमेश शर्मा आणि झाशा कोला यांनी क्लार्क हाऊस हे कलादालन सुरू केलं, तेव्हा ज्यांच्या घरी गॅलरी हा शब्द कधी आला नव्हता अशी मुलं तिथे जमली. चंद्रपूरच्या कोळसा खाणीत पिढ्या राबलेल्या घरातले प्रभाकर पाचपुते, पोवाडे रचणाऱ्या आजोबांचे नातू अमोल पाटील. पाचपुत्यांना २०२१ मध्ये आर्टेस मुंडी हा आंतरराष्ट्रीय कलापुरस्कार विभागून मिळाला. अमोल पाटील २०२२ मध्ये जर्मनीतल्या कासेलच्या डॉक्युमेंटा या कलाप्रदर्शनात होते. यांना कोणी ‘खाणकामगार चित्र, चंद्रपूर जिल्हा’ अशी पट्टी लावली नाही. मग वाघदेव काढणाऱ्यालाच का?

आमच्या तालुक्यात बळसाण्याला मध्ययुगातली कोरीव देवळं आहेत. शाळेची सहल मी दर दोन वर्षांनी तिथे नेत असे. एकेका खांबापाशी मुलं थांबत आणि विचारत, सर, हे कोणी केलं? मला सांगता येत नसे. नऊशे वर्षांमागचं सांगता आलं नाही, तर माझा इलाज नाही. कालपरवाचं सांगता येत नसेल, तर तो माझा दोष आहे.

प्रदर्शनं भरवणाऱ्यांना माझी विनंती आहे. साक्रीकडे या, जरूर या. डोंगऱ्या देवाच्या रात्री कॅमेरा बंद ठेवा आणि बाजूला उभे राहा. सकाळी चित्र मागायला जाल तेव्हा आधी नाव विचारा, तो सांगेल तसं लिहा, आणि पैसे त्याच्या हातात द्या. शेंदूर लागलेलं काही मागू नका.

त्या मुलाचं चित्र प्रदर्शनातून परत आलं. शाळेच्या व्हरांड्यात मी ते लावलं आणि खाली पट्टी स्वतः लिहिली: मुलाचं पूर्ण नाव, गाव, तालुका साक्री. दुसऱ्या ओळीत, ज्यांच्याकडून शिकला त्या आजोबांचं नाव. आजोबा पालकसभेला आले तेव्हा त्यांनी नातवाकडून ती पट्टी दोनदा वाचून घेतली.