पावती गीतेत सापडली



आजचं वाचन महिपतींच्या भक्तविजयातलं, दामाजीपंतांचं आख्यान. आपल्या सोलापुरात ज्वारी म्हटली की मंगळवेढा आणि मंगळवेढा म्हटलं की दामाजी. दुष्काळात त्यांनी बेदरच्या बादशहाची कोठारं भुकेल्यांसाठी उघडली. धान्य सरकारी, म्हणून धरून आणायचा हुकूम सुटला. दामाजी वाटेत पंढरपूरला थांबले, आणि तेवढ्यात विठू महाराच्या रूपात देवाने बेदरला जाऊन पैसे भरले, पावती घेतली.

या वेळी मी त्या पावतीपाशी अडकलो. देवाला बादशहाची बुद्धी फिरवता आली असती. वह्या जाळता आल्या असत्या. त्याने मोजून रक्कम दिली. म्हणजे धान्य कितीही पुण्याच्या कामी लागलेलं असो, बाकी खरी होती आणि मागणाराही खोटा नव्हता.

वाचताना नितीन देसाई आठवले. लगान, देवदास, जोधा अकबर यांचं जग ज्यांनी उभं केलं ते कलादिग्दर्शक. २००५ मध्ये त्यांनी कर्जतजवळ एन. डी. स्टुडिओ उभारला. त्यांच्या कंपनीने २०१६ आणि २०१८ मध्ये ईसीएल फायनान्सकडून १८० कोटींहून अधिक कर्ज घेतलं. थकबाकी २५२ कोटींवर गेली. २५ जुलै २०२३ ला कंपनी कायदा न्यायाधिकरणाने दिवाळखोरीचा अर्ज दाखल करून घेतला, १ ऑगस्टला अपील फेटाळलं गेलं आणि २ ऑगस्टला देसाई गेले. त्यांनी आयुष्य संपवलं. का, ते आपण बाहेरून ठरवू नये.

तेव्हा लोक दोन टोकांना होते. एक म्हणत, सावकारांनी कलाकाराचा जीव घेतला. दुसरे म्हणत, एवढी उडी मारायचीच कशाला? मला दोन्ही पटलं नाही. वित्त कंपनीचा पैसाही कुठल्या तरी बँकेचा, रोखेधारकाचा असतो, तो मागणं पाप नाही. आणि मोठी उडी न मारता स्टुडिओ उभा राहत नाही.

मला अडतं ते वेगळ्याच ठिकाणी. २०१६ च्या दिवाळखोरी कायद्यात धनको अर्ज करतो तेव्हा न्यायाधिकरण मुख्यतः दोनच गोष्टी बघतं: कर्ज आहे का, आणि थकलंय का. माणूस कसा आहे, हेतू कसा होता, हा प्रश्नच तिथे नसतो. अर्ज दाखल करून घेतला गेला की कंपनीवरच्या वसुलीच्या इतर कारवायाही थांबतात, आणि त्या काळात कोणी नवा घेणारा मिळतो का ते बघतात. म्हणजे कायद्याच्या दृष्टीने ही हिशेब मिटवायची एक पद्धत आहे. पण आपल्या भाषेत 'दिवाळखोर' ही शिवी आहे! न्यायाधिकरण कंपनीबद्दल बोलतं आणि गल्ली माणसाबद्दल. शिवाय फेडलं नाही तर पुढच्या जन्मी बैल होऊन फेडावं लागेल, हे आपण लहानपणापासून ऐकलेलं. रकमेवर एवढं ओझं आपणच चढवतो.

पुढे एन. डी. स्टुडिओ राज्य सरकारच्या चित्रनगरी महामंडळाकडे गेला. तोडगा निघाला, तो बघायला देसाई नव्हते. हे मला फार लागतं.

दामाजींकडे परत येऊ. पंढरपुरात उभे असताना पैसे भरले गेलेत हे त्यांना ठाऊक नव्हतं. बाकी डोक्यावर, शिपाई सोबत, आणि तरी ते लपले नाहीत, पळाले नाहीत. पाठ करायला पोथी उघडली तेव्हा गीतेच्या पानांत पावती सापडली, असं सांगतात. आणि ती आणणारा तरी कोण? दरबारात ज्याला कोणी विचारलं नसतं असा माणूस.

तुमच्यापैकी कोणाचे हप्ते थकले असतील, लोन ॲपवाल्यांचे फोन येत असतील आणि घरी सांगितलं नसेल, तर आज एका माणसाला आकड्यासकट सांगा. मित्र, मावशी, कोणीही. जिवावर येतंय असं वाटलं तर टेली-मानसचा १४४१६ हा नंबर दिवसरात्र चालू असतो.

उद्या तुकोबांनी कर्जखतं इंद्रायणीत बुडवली तो प्रसंग. त्यांनी फक्त स्वतःच्या वाट्याची खतं बुडवली, भावाच्या वाट्याची त्याला देऊन टाकली. तेवढं मनात ठेवून वाचून या.