वंगण

मोटारीच्या पोटातलं एक तेल सगळ्यांना ठाऊक असतं, इंजिनाचं. त्याच्यासाठी दांडी दिलेली असते. ती उपसून फडक्याला पुसली की किती उरलंय ते कळतं. दुसरं तेल गिअरबॉक्सचं. जुन्या गाडीत त्याला ना दांडी, ना दिवा. तिथं आग पेटत नाही, त्यामुळं ते इंजिनाच्या तेलासारखं भराभरा काळंही पडत नाही. नुसते दाते दातांवर फिरत असतात आणि तेल त्यांच्यामधे पडदा धरून असतं. वर्षानुवर्षं कुणी डोकावलं नाही तरी गाडी चालते, म्हणून बहुतेक जण डोकावतच नाहीत. आत काय चाललंय ते गाडीच्या धन्याला आवाजावरून कळतं, मिस्त्रीला तेल सोडल्यावर कळतं, आणि गाडी विकत घेणाऱ्याला बहुतेक वेळा कळतच नाही.

आमच्याकडं, म्हणजे खटाव तालुक्यात, बैलगाडीला असलं काही लपवायची सोय नव्हती. एरंडेल तेलात जळक्या चिंध्यांची राख कालवून वंगण करायचे आणि ते नळकांड्यात भरून गाडीला टांगून ठेवायचे. वंगण संपलं की चाक असं कुरकुरायचं, की गाडी ओढ्याच्या अलीकडं असतानाच गावाला कळायचं कुणाची आली. म्हातारी माणसं पारावरनं ओरडायची, "आरं, बैलाचा जीव काढतूस का? वंगाण घाल की!" गाडी स्वतःच आपली चहाडी सांगायची.

मोटार तसं सांगत नाही. किंवा सांगते, पण तिचं तोंड दाबता येतं. ही गोष्ट त्याच तोंड दाबण्याची आहे.

माझा थोरला चुलतभाऊ, अण्णा, घाटकोपरला असल्फ्यात राहायचा. १९९६ साली त्याचं तिथं छोटंसं मोटार ट्रेनिंग स्कूल होतं. स्कूल म्हणजे एक टेबल, एक पाटी आणि एक प्रीमियर पद्मिनी. ही गाडी तशी अण्णाच्या शेजारचीच. वालचंद हिराचंदांनी १९४४ साली काढलेली प्रीमियर ऑटोमोबाइल्स, तिचा कुर्ल्याचा कारखाना असल्फ्यापासून हाकेच्या अंतरावर. फियाट म्हणून ओळखली जाणारी गाडी पुढं राणी पद्मिनीच्या नावानं तिथंच बनायला लागली. मुंबईची काळीपिवळी टॅक्सी म्हटलं की पुढं कित्येक वर्षं डोळ्यासमोर हीच यायची.

शिकाऊ माणसांच्या हातातली गाडी म्हणजे भाड्याचा बैल. स्टिअरिंगपाशी गिअरची दांडी, ती क्लच पुरता दाबायच्या आधीच ओढायची, आणि आतून करकर आवाज आला की शिकणाऱ्यानं जीभ चावायची. अशी आठ वर्षं गाडीनं काढली होती. तिसऱ्या गिअरला रडका आवाज यायला लागला होता, आणि उतारावर दुसरा गिअर कधीकधी आपोआप सुटायचा.

अण्णाला गाडी विकायची होती. थोरल्या मुलीला डी.एड.ला जायचं होतं आणि फी भरायची तारीख जवळ आली होती. गिऱ्हाईकही मिळालं होतं. मुलुंडचा एक पोरगा, मूळ गाव ओतूर. म्हाताऱ्या वडलांना घेऊन माळशेजमार्गे गावी जायला त्याला गाडी हवी होती. सौदा बत्तीस हजारांवर आला होता.

विकायच्या आधी तेलपाणी करून घेऊ म्हणून अण्णानं गाडी ओळखीच्या गॅरेजवर नेली. मीही गेलो होतो. मिस्त्री जुन्नरकडचे, पन्नाशीचे, फार बोलणारे नव्हेत. त्यांनी आधी गाडी दोन-तीन मैल फिरवून आणायला लावली. तेल गरम झालं की पातळ होतं आणि तळाचा गाळ बरोबर घेऊन येतं. मग गाडी खड्ड्यावर सपाट उभी केली. खालचा नट सोडायच्या आधी त्यांनी बाजूचा, तेल भरायचा नट ढिला करून बघितला. मी विचारलं तर म्हणाले, "खालचं तेल सोडून दिलं आणि भरायचा नट जाम निघाला, तर काय करणार? आधी भरायची वाट मोकळी पाहिजे, मग सोडायची."

तेल पत्र्याच्या ट्रेमधे उतरलं. गंधकाचा उग्र दर्प सुटला. गिअरच्या तेलाला तो असतोच. मिस्त्रींनी जुन्या स्पीकरचं लोहचुंबक त्या तेलातून फिरवलं. त्याला काळी बारीक लव चिकटली. "ही चालते. घासलं की एवढं निघतंच." पण लवेत तांदळाच्या कणीएवढे दोन तुकडे होते. ते त्यांनी बोटावर घेतले. "हा दाताचा टवका आहे." चुंबकाला न चिकटलेली पिवळी चमक तेलात तरंगत राहिली होती. ते पितळ. गिअर अलगद बसावा म्हणून आत पितळी रिंगा असतात, त्या झिजल्या होत्या.

मिस्त्रींनी नव्वद नंबरच्या तेलाचा डबा पुढं ओढला. अण्णा म्हणाला, "नव्वद नको. एकशेचाळीस घाला."

गॅरेजमधे याचा अर्थ सगळ्यांना कळतो. एकशेचाळीस नंबरचं तेल जाड. ट्रकच्या मागच्या डिफरन्शियलला वगैरे ते चालतं. झिजलेल्या गिअरबॉक्समधे घातलं की आवाज गोधडीखाली घेतल्यासारखा दबतो. दात आहे तसाच राहतो, फक्त बोलायचा थांबतो. ही अक्कल काही आपल्याच लोकांची नाही. रोआल्ड डाल या इंग्रज लेखकाच्या 'मटिल्डा' नावाच्या मुलांच्या गोष्टीत मुलीचा बाप जुन्या गाड्यांच्या गिअरबॉक्समधे लाकडाचा भुसा भरून त्या विकतो, आणि घरी येऊन त्याची फुशारकी मारतो.

मिस्त्री थोडा वेळ हात पुसत बसले. मग म्हणाले, "गाडी तुमची, पैसे तुमचे. सांगाल ते घालतो. पण त्या पोरानं येऊन मला विचारलं, तर मी एकशेचाळीस घातलंय म्हणून सांगणार."

"आन् न्हाई इचारलं तर?"

"न विचारता सांगायला मी काय त्याचा काका लागतो?"

"मग झालं तर! मी तरी त्येचा कोण लागतोय?" अण्णा म्हणाला. "झाकली मूठ सव्वा लाखाची."

मी मधे पडून म्हणालो, "अण्णा, आबांनी बैल विकला तेव्हा काय केलं होतं आठवतंय ना?"

ते मी बोलायला आणि अण्णा भडकायला एकच गाठ पडली. आबा म्हणजे आमचे आजोबा. १९६८ च्या सुमारास त्यांनी पुसेगावच्या सेवागिरी महाराजांच्या यात्रेत एक खिलार बैल विकायला नेला होता. दिसायला देखणा, पण चढाला बसायची खोड. हेड्यानं टॉवेलाखाली बोटं धरून भाव केला, सौदा ठरला, आणि दावं हातात देताना आबा गिऱ्हाइकाला म्हणाले, "चढाला बसतोय. मारू नगासा, उतरून चालला की उठतोय." सौदा शंभर रुपयांनी खाली आला. ही गोष्ट आमच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या सांगायची म्हणून ठेवलेली. आबा कसे सरळ होते, ते सांगायला.

"आठवतंय," अण्णा म्हणाला. "चांगलं आठवतंय. त्येच शंभर माझ्या साताऱ्याच्या बोर्डिंगचं हुतं. आबा खरं बोलले आन् माझी शाळा सुटली. ह्ये कुणी सांगत न्हाई. खरं बोलायचा मान आबांना, आन् पैसं भरलं कुणी?"

यावर मला काही सुचलं नाही. आजही पटकन सुचत नाही. खरं बोलण्याची किंमत खरं बोलणाराच देतो असं आपण धरून चालतो, आणि म्हणून खरं बोलणं सोपं करून सांगतो. पण घर चालवणाऱ्या माणसाच्या खरेपणाचं बिल बऱ्याचदा पोराबाळांच्या नावानं फाटतं. अण्णानं ते एकदा भरलं होतं. आता त्याची मुलगी रांगेत उभी होती.

त्या रात्री गाडी तशीच, पोट रिकामं, खड्ड्यावर उभी राहिली. सकाळी अण्णानं मिस्त्रींना सांगितलं, "नव्वदच घाला." त्याला सद्बुद्धी झाली असं मला म्हणायचं होतं, पण त्यानं ते म्हणू दिलं नाही. "जाड त्याल घातलं तर गिअर पडायला जड जातोय. पोरगं चालवून बघंल, त्येला कळंल. त्यापरीस आहे ते ऱ्हाऊ दे. लपवत न्हाई, पण सांगत बी न्हाई." मिस्त्रींनी पिचकारीनं तेल भरलं. बाजूच्या भोकातून बारीक धार परत बाहेर येईपर्यंत भरायचं, म्हणजे माप पुरं झालं. मग नट आवळला.

लपवत नाही पण सांगतही नाही, या जागेवर जगातले निम्मे व्यवहार उभे असतात. आपला कायदाही तिथंच उभा आहे. १८७२ चा भारतीय करार कायदा, त्याचं सतरावं कलम. एखादी गोष्ट मुद्दाम झाकणं ही फसवणूक, असं ते सांगतं. म्हणजे एकशेचाळीसचा डबा कायद्यानंही वाईटच. पण नुसतं गप्प राहणं ही सहसा फसवणूक नाही. त्यासाठी कायद्यानं घोड्याचं उदाहरण दिलंय. घोडा खोडाचा आहे हे माहीत असून मालकानं लिलावात तो विकला आणि काही बोलला नाही, तर ती फसवणूक नव्हे. मात्र घेणारी त्याची स्वतःची, नुकतीच सज्ञान झालेली मुलगी असेल, तर सांगणं हे त्याचं कर्तव्य. आणि घेणारा म्हणाला, की तुम्ही नाही म्हणाला नाहीत तर मी घोडा चांगला धरतो, तर मालकाचं गप्प राहणं हे बोलल्यासारखंच.

वकिलाच्या घरी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी थबकलो. सव्वाशे वर्षांपूर्वी इंग्रजांनी लिहिलेल्या कलमात अण्णा, त्याची मुलगी आणि मुलुंडचा पोरगा तिघंही बसले होते. कायदा म्हणतो, नात्यातल्याला सांग, परक्याला सांगायला तू बांधील नाहीस. प्रश्न एवढाच उरतो, परका कोण? आणि आपण तर रस्त्यावरच्या कुणालाही नात्यानंच हाक मारतो. भाजीवाल्या मावशी, रिक्षावाले दादा, दुकानदार काका. यातलं बरंचसं तोंडदेखलं असतं, हे खरं. यात्रेतला हेडीही "मामा, मामा" करतच गळा कापतो. पण हाक मारणारा कधीकधी ती मनापासून मारतो, आणि मग ऐकणाऱ्याची पंचाईत होते.

तो पोरगा रविवारी आला. गाडी बघितली, सर्वोदय हॉस्पिटलपर्यंत फिरवून आणली, खूश झाला. पैशाचं पाकीट काढता काढता सहज म्हणाला, "काका, माळशेजला त्रास नाही ना देणार? बाबा बरोबर असतील."

अण्णानं लगेच उत्तर दिलं नाही. मग म्हणाला, "चढंल. चढायला वांधा न्हाई. उतरताना दुसरा गिअर सुटतोय. दांडी हातानं धरून ठेवायला लागंल. आन् आत दात झडाय लागल्यात."

घाट उतरताना गाडी नुसत्या ब्रेकवर सोडत नाहीत. खालच्या गिअरमधे ठेवतात, म्हणजे इंजिनच तिला मागं ओढून धरतं. वळणावर गिअर सुटला तर ते धरणं एकदम जातं, आणि सगळा भार तापलेल्या ब्रेकवर येतो. हे अण्णा रोज शिकाऊ पोरांना शिकवत होता.

पोरगा पाकीट खिशात घालून गेला. चार दिवसांनी मामाला घेऊन आला. मामानं सहा हजार कापले. त्या पैशांत आधी गिअरबॉक्स उघडून घेतो म्हणाला. सव्वीस हजारांत गाडी गेली. फीला कमी पडले ते अण्णानं भिशीतून उचलले आणि दीड वर्ष हप्ते भरले. मुलीचा प्रवेश झाला. अण्णाला मी पुढं कधी विचारलं, की तो म्हणायचा, "येडेपणा झाला." हसून म्हणायचा असंही नाही.

शेवटच्या पद्मिनीची टॅक्सी म्हणून नोंद २००३ च्या ऑक्टोबरात झाली होती. वीस वर्षांची मुदत संपून २०२३ च्या ऑक्टोबरअखेर ती मुंबईच्या रस्त्यावरून गेली. कुर्ल्याच्या कारखान्याच्या जागी आता इमारती आहेत. अण्णाच्या शाळेचा प्रश्न मात्र माझ्याजवळ तसाच राहिलाय, आणि त्याचं जे काही उत्तर मला सापडलं ते एवढंच. खरं सांगितल्यानं नुकसान टळत नाही. ते कुणाच्या तरी वाट्याला जातंच, कधी अण्णाच्या, कधी त्याच्या मुलीच्या. पण सहा हजारांचं नुकसान समोर दिसत होतं. त्याच्यासाठी भिशी उचलता आली, हप्ते पाडता आले. न सांगितलेलं नुकसान त्या पोराला घाटाच्या वळणावर भेटलं असतं, शेजारी म्हातारा बाप बसलेला असताना, आणि तिथं कसली भिशी उचलणार? नुकसान कुणाला तरी सोसायचंच असेल, तर ज्याला ते दिसतंय त्यानं सोसावं. आबांनी बैलाचं दावं देताना बहुतेक एवढाच हिशेब केला असेल. त्यात नातवाची शाळा धरायची राहून गेली. ती धरायला हवी होती. आबांच्या सरळपणाची गोष्ट मी हल्ली पोरांना सांगतो, तेव्हा अण्णाच्या साताऱ्याच्या बोर्डिंगसकट सांगतो.