आतून पाहिलेला तुरुंग

राजकारण केलेल्या माणसाला न्यायासनावर बसवू नये, असं माझं कित्येक वर्षं ठाम मत होतं. खरं तर टिळकांचे खटले वाचलेल्या माणसाला इतकं ठाम राहता येऊ नये. १८९७ साली राजद्रोहाच्या खटल्यात टिळकांना जामीन दिला तो न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजींनी, आणि हे गृहस्थ १८८७ च्या मद्रास काँग्रेसचे अध्यक्ष. त्या वेळी टिळकांच्या बाजूनं उभे असलेले बॅरिस्टर दावर १९०८ मध्ये स्वतः न्यायमूर्ती होते. त्यांनी जामीन नाकारलाच, वर सहा वर्षांची शिक्षा ठोठावली.

तेव्हा वकिली, काँग्रेस आणि हायकोर्ट ही एकाच वाटेवरची गावं होती. नारायण चंदावरकर १९०० साली काँग्रेसचे अध्यक्ष आणि पुढच्याच वर्षी न्यायमूर्ती. काँग्रेसच्या हाती सत्ता नव्हती, म्हणून कुणाला वावगं वाटलं नसावं. स्वातंत्र्यानंतर पुढारी मंत्री झाले आणि संशय शिरला.

म्हणूनच १९७३ मध्ये व्ही. आर. कृष्ण अय्यर यांचं नाव सर्वोच्च न्यायालयासाठी पुढे आलं तेव्हा मुंबईतल्या काही नामवंत वकिलांनी जाहीर विरोध केला. त्यांत सोली सोराबजी होते. पुढे त्यांनी याबद्दल खेदही व्यक्त केला. अय्यर मूळचे थलश्शेरीचे वकील. १९४८ मध्ये कम्युनिस्टांना मदत केल्याच्या आरोपावरून महिनाभर तुरुंगात होते. १९५७ मध्ये केरळात नंबुद्रिपादांच्या मंत्रिमंडळात गेले, आणि त्यांच्याकडच्या खात्यांत तुरुंगही होतं. म्हणजे ज्यानं कोठडी आतून पाहिली, तोच तिचा कारभारी झाला आणि मग न्यायाधीश.

माझं मत हललं ते १९७८ च्या एका निकालानं. मराठीत जामीन म्हणजे सुटकाही आणि तिची हमी घेणारा माणूसही; 'जामीन राहू नये' हे घरोघर ऐकवलं जातं. मध्य प्रदेशातल्या एका गवंड्याकडे मॅजिस्ट्रेटनं दहा हजारांचा जामीन मागितला. भाऊ जामीन राहायला तयार होता, पण त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यातली, म्हणून तो चालेना. अय्यरांनी गवंड्याला त्याच्या स्वतःच्या एक हजाराच्या जातमुचलक्यावर सोडायला सांगितलं. रोजंदारीवरच्या माणसाला दहा हजार म्हणजे काय, हे कायद्याच्या पुस्तकात सापडत नाही. मतं मागत दारोदार हिंडलेल्याला ते कळत असावं.

त्यांचं सगळंच मला पटतं असं नाही. इंग्रजी तर इतकं अलंकारिक की निकाल शोधायला निकालपत्र दोनदा वाचावं लागतं. शिवाय निवृत्तीनंतर, १९८७ मध्ये, विरोधकांचे उमेदवार म्हणून ते राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीत उतरले. व्यंकटरामन सहज निवडून आले. विरोध करणाऱ्या वकिलांची भीती अगदीच निराधार नव्हती, असं त्या वेळी मनात आलं होतं, आणि तरी त्या निकालातला गवंडी डोळ्यांपुढून जाईना.