चोरी हाताची की मनाची?

रविवारी वंदना आटोपून विहाराबाहेर पडताना तुम्ही आपली समजून दुसऱ्याची छत्री उचलली आणि घरी नेली. तुम्ही चोर झालात काय? 'अदिन्नादाना'पासून दूर राहण्याचे शील तर आताच घेतले होते, आणि न दिलेली वस्तू तुम्ही नेलीच! तरीही तुम्ही चोर नाही. कायदाही तसेच म्हणतो, धम्मही.

१८६० च्या भारतीय दंड संहितेने कलम ३७८ मध्ये चोरीची व्याख्या केली. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३ मध्ये तीच थोड्याफार फरकाने आली आहे. दुसऱ्याच्या ताब्यातील जंगम वस्तू त्याच्या संमतीवाचून हलविली, एवढ्याने भागत नाही. हलविताना मनात अप्रामाणिक उद्देश हवा. म्हणजे कोणास गैरलाभ किंवा कोणाची गैरहानी करण्याचा इरादा हवा.

पण "थोडा वेळच नेली होती" ही सबब चालत नाही. १९५२ साली जोधपूरहून वायुदलाच्या एका कॅडेटने परवानगीवाचून विमान उडविले व ते पाकिस्तानात उतरले. वस्तू कायमची बळकावण्याचा हेतू लागत नाही, तात्पुरता गैरवापरही चोरीच, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये त्या खटल्यात ठरविले. येथे विनय मात्र अधिक सौम्य आहे. तात्पुरती घेतलेली, विश्वासाने घेतलेली, आपली समजून घेतलेली वस्तू, यांत भिक्षूला आपत्ती नाही.

विनयातील हा नियम ज्याच्यामुळे झाला तो धनिय कुंभारपुत्र. राजगृहात बिंबिसाराने नगराच्या डागडुजीसाठी राखलेले लाकूड त्याने नेले. "राजाने दिले आहे," असे राखणदाराला सांगितले. राजाने विचारताच म्हणाला, राज्याभिषेकाच्या वेळी आपणच श्रमण-ब्राह्मणांना गवत, लाकूड, पाणी दिले होते. राजा म्हणाला, ते रानातल्या बेवारस वस्तूंविषयी होते. धनियाला हे कळत नव्हते काय? चांगलेच कळत होते! पाली परंपरा यालाच 'थेय्यचित्त' म्हणते, चोरीचे चित्त.

आता दुसरी बाजू पाहा. माणसागणिक उद्देश सिद्ध करा असे सांगणाऱ्या इंग्रज सरकारने अकराच वर्षांनी, १८७१ मध्ये, गुन्हेगार जमाती कायदा केला. येथे कृत्य नको, चित्त नको, जन्म पुरे. पुढे सोलापुरात तारेच्या कुंपणाआड सेटलमेंट उभी राहिली. तिथे जन्मलेल्या मुलाचा हात कशालाही लागण्यापूर्वी त्याचा उद्देश सरकारदप्तरी ठरलेला होता.

३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला. पण गावात चोरी झाली की अजूनही अनेक ठिकाणी संशय आधी पारध्याच्या पालावर जातो. छत्री नेणाऱ्या तुम्हा-आम्हाला लोक निदान विचारतात, "चुकून नेली का हो?" पालावर हे कोणी विचारत नाही.