एका नावाची पुस्तके

ग्रंथालयातील पुस्तके ग्रंथकारांच्या आडनावांनुसार लावण्याचा प्रघात आहे. तो सोयीचा आहे यात शंका नाही. परंतु बाप्तिस्मा देताना धर्मगुरू आडनाव उच्चारीत नाहीत; त्या नावाने पुस्तके लावायचे कोणी मनावर घेतले, तर कपाटात मोठा चमत्कारिक शेजार जमेल. थॉमस या नावाचाच कप्पा घ्या. तेराव्या शतकातील इटालियन डॉमिनिकन, सोळाव्या शतकातील इंग्लंडचा लॉर्ड चॅन्सेलर, अमेरिकेचा तिसरा राष्ट्राध्यक्ष, केंटकीच्या मठातील ट्रॅपिस्ट संन्यासी आणि आपल्या मराठीत अकरा हजारांच्या घरात ओव्या रचणारा इंग्रज जेज्विट, असे सारे एकमेकांना खेटून उभे राहतील. त्यांतील काहींना हा शेजार मुळीच मानवला नसता.

नाव एक म्हणून माणसे एक होत नाहीत, हे उघड आहे. तरीही हा कप्पा चाळू लागले की एक प्रश्न पुनःपुन्हा समोर येतो, आणि तो मूळ थोमापासूनच चालत आलेला आहे. श्रद्धावंतांच्या मंडळीत शंका घेणाऱ्याचे काय करावे?

ज्या प्रेषिताला आपण 'संशयी' हे विशेषण कायमचे चिकटवून ठेवले आहे, त्याच्याविषयी योहानकृत शुभवर्तमान काय सांगते ते सावकाश वाचण्यासारखे आहे. बेथानीला जाण्यात जिवाचा धोका आहे हे ठाऊक असताना प्रभूबरोबर मरायला चला, असे सोबत्यांना सांगणारा हाच थोमा. शेवटच्या भोजनाच्या वेळी तुम्ही कोठे जाता ते आम्हांला कळत नाही, मग वाट कशी कळणार, असे सरळ विचारणाराही हाच. त्याने ते विचारले नसते तर मार्ग, सत्य आणि जीवन हे वचन त्या प्रसंगी आले असते की नाही, कोण सांगणार? पुनरुत्थानानंतर त्याने जखमांच्या खुणा पाहण्याचा हट्ट धरला. पण त्याने खरोखर जखमांत बोट घातले, असे शुभवर्तमानात कोठेही म्हटलेले नाही. ते चित्रकारांनी दाखविले. आणि आणखी एक गोष्ट आपल्या नजरेतून निसटते. थोमाने 'मी मानणार नाही' असे म्हटल्यानंतर मध्ये आठ दिवस गेले. आठ दिवसांनी प्रभू पुन्हा आला तेव्हा थोमा त्याच घरात, त्याच शिष्यांमध्ये होता. त्यांनी त्याला दाराबाहेर काढले नव्हते, आणि तोही उठून गेला नव्हता. या आठ दिवसांवर प्रवचन क्वचितच ऐकायला मिळते.

संत थॉमस अक्वायनस याचा 'सुम्मा थिओलॉजिए' हा ग्रंथ म्हणजे या आठ दिवसांना दिलेले शास्त्रीय रूप म्हणता येईल. आपल्याकडील दर्शनग्रंथांत आधी पूर्वपक्ष मांडतात आणि मग सिद्धान्त सांगतात, तीच रीत येथे आहे. प्रत्येक लेखाचा आरंभ विरुद्ध मताने होतो. देव आहे काय, या लेखात तर पहिलेच वाक्य देव नाही असे भासते या अर्थाचे आहे, आणि त्याखाली दोन आक्षेप येतात. देव जर अमर्याद चांगुलपणा असेल तर जगात वाईट कोठून आले, हा एक. आणि जगातले सारे निसर्गाने व मानवी बुद्धीने समजावता येत असताना देव मानण्याची गरजच काय, हा दुसरा. साडेसातशे वर्षे झाली, नास्तिकांजवळ याहून बळकट आक्षेप फारसे आलेले नाहीत. अक्वायनसने ते पाडता यावेत म्हणून दुबळे करून मांडले नाहीत. मुसलमान इब्न सिना आणि यहुदी मायमोनिडीझ यांच्याकडूनही त्याने बेधडक शिकून घेतले. त्याच्या मृत्यूनंतर तीनच वर्षांनी, १२७७ मध्ये, पॅरिसच्या बिशपांनी निषिद्ध ठरविलेल्या २१९ विधानांत काही त्याच्या मतांना लागून होती. पुढे १३२३ मध्ये तो संत झाला, आणि १३२५ मध्ये पॅरिसच्याच बिशपांनी त्याच्यापुरता तो निषेध मागे घेतला. ख्रिस्तसभेलाही कधी कधी आठ दिवसांऐवजी अठ्ठेचाळीस वर्षे लागतात.

मात्र याच ग्रंथात पाखंड्यांविषयीचा एक लेख आहे. हट्टाला पेटलेल्या पाखंड्याला राजसत्तेच्या हाती देऊन देहान्त शासन करणे न्याय्य आहे, असा निर्णय त्यात अक्वायनस देतो. तेथेही तो पूर्वपक्ष मांडतो. गहू आणि निदण कापणीपर्यंत एकत्र वाढू द्या, हा प्रभूचा दाखला स्वतःच पुढे करतो, आणि तरीही निर्णय तोच. म्हणजे शंकेला पानावर मानाची जागा आणि शंका घेणाऱ्याला मात्र जगात जागा नाही. हे वाचताना मन अस्वस्थ होते, आणि ते व्हावे.

हीच फारकत सर थॉमस मोर यांच्या बाबतीत अधिक जवळून दिसते, कारण त्यांच्या हाती लेखणीबरोबर सत्ताही होती. १५१६ मध्ये लुव्हेन येथे छापलेल्या 'युटोपिया'त त्यांनी स्वतःच्या नावाचेच एक पात्र घातले आणि राफाएल नावाच्या प्रवाशाला त्याच्याशी वाद घालू दिला. चोराला फाशी देणे अन्याय्य आहे, कारण ज्या व्यवस्थेने त्याला उपाशी ठेवले तीच त्याला दोरावर चढविते, हे प्रवाशाचे म्हणणे मोर यांनी कोठेही कापलेले नाही. त्या कल्पित बेटावर निरनिराळे धर्म नांदतात. आत्म्याचे अमरत्व न मानणाऱ्याला तेथे पदे मिळत नाहीत आणि सर्वसाधारण लोकांपुढे वाद घालता येत नाही. परंतु त्याला शिक्षा होत नाही, उलट धर्मगुरू व जाणत्यांशी वाद घालायला उत्तेजन मिळते. हे लिहिणारे मोर १५२९ ते १५३२ या काळात चॅन्सेलर होते, आणि त्या अवधीत इंग्लंडात सहा जणांना पाखंडी म्हणून जाळण्यात आले. टिंडलविरुद्ध लिहिलेल्या त्यांच्या भल्यामोठ्या ग्रंथात 'युटोपिया'तील सौजन्याचा मागमूस नाही. पुढे १५३५ च्या ६ जुलैला राजाच्या शपथेला नकार दिल्याबद्दल त्यांचा स्वतःचा शिरच्छेद झाला. सदसद्विवेकासाठी त्यांनी दिलेले प्राण आपण पूजनीय मानतो आणि ते योग्यच आहे. पण त्या सहा जणांनाही सदसद्विवेक होता, हे म्हटल्याने मोर यांचे संतपण कमी होत नाही. द्वितीय व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये धर्मस्वातंत्र्याविषयीच्या घोषणेत धर्माच्या बाबतीत कोणावरही बळजबरी होऊ नये असे स्पष्ट केले, तेव्हा त्या चितांचेही उत्तर नकळत दिले गेले.

कप्प्यातील थॉमस अ केम्पिस यांचे 'ख्रिस्तानुकरण' या साऱ्या वादांकडे पाठ फिरवून उभे आहे. त्रैक्यावर विद्वत्ताप्रचुर बोलणाऱ्याच्या अंगी नम्रता नसेल तर त्याचा काय उपयोग, असे ते आरंभीच बजावते, आणि ख्रिस्तप्रसादाच्या रहस्यात फाजील चौकशी करू नये असे शेवटी सांगते. यावरून केम्पिसला प्रश्नांची भीती वाटत होती असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. त्याला भीती आहे ती प्रश्नाचा दागिना करून मिरविणाऱ्याची. भ्रमंतीत गीतेबरोबर हे पुस्तक बाळगणाऱ्या स्वामी विवेकानंदांनी त्यातील काही भाग बंगालीत उतरविला, तो उगाच नव्हे. थोमाचे विचारणे दागिना नव्हते. तो बेथानीला मरायला निघालेला माणूस होता.

थॉमस जेफरसन यांच्या पुस्तकाचा प्रकार निराळा. त्यांनी ग्रीक, लॅटिन, फ्रेंच आणि इंग्रजी नव्या करारांच्या प्रती घेतल्या, धारदार पात्याने हवी तेवढी वचने कापली आणि चार रकान्यांत चिकटवून १८२० च्या सुमारास एक शुभवर्तमान तयार केले. चमत्कार वगळले, उपदेश ठेवला. कबरेच्या तोंडाशी धोंड लोटली जाते आणि पुस्तक संपते. त्यामुळे त्यांच्याच नावाचा प्रेषित ज्या प्रसंगासाठी ओळखला जातो, तो या पुस्तकात नाही. हयातीत त्यांनी ते छापू दिले नाही. शंका घेण्याबद्दल मी त्यांना दोष देणार नाही. थोमाला प्रश्न पडला तो सोबत्यांच्या तोंडावर बोलून दाखविण्याइतका मोठा होता. जेफरसन यांनी उत्तर एकट्याने, बंद खोलीत, कात्रणांनी ठरविले. आपल्यातील कितीतरी सुशिक्षित तरुण आज नेमके हेच करतात. ते कोणाशी भांडत नाहीत, मिस्सेलाही येतात, फक्त मनातल्या मनात पाने कापीत असतात. याचा दोष त्यांच्याकडे अर्धाच येतो. धर्मशिक्षणाच्या वर्गात प्रश्न विचारणाऱ्या मुलाला गप्प बसविणाऱ्यांकडे उरलेला अर्धा जातो.

थॉमस मर्टन यांना मठात फादर लुईस म्हणत. पुस्तकांवर मात्र जुनेच नाव राहिले. १९४८ च्या आत्मचरित्राने ते जगभर पोचले. १९६२ मध्ये अणुयुद्धाविरुद्ध त्यांनी लिहिलेले पुस्तक संघाच्या वरिष्ठांनी छापू दिले नाही. युद्धावर लिहिणे संन्याशाचे काम नव्हे असे ठरले. मर्टन यांनी आज्ञा पाळली आणि मठही सोडला नाही. टंकलिखित नकला मित्रांच्या हाती फिरत राहिल्या. पुढच्याच वर्षी पोप तेविसावे जॉन यांचे 'पाचेम इन तेरिस' हे परिपत्रक निघाले आणि अण्वस्त्रांविषयीचा तोच प्रश्न सर्वोच्च स्थानावरून विचारला गेला. मर्टन १९६८ मध्ये बँकॉकजवळ वारले. ते पुस्तक छापून आले २००४ मध्ये.

शेवटी आपला थॉमस, फादर स्टीफन्स. ते १५७९ मध्ये गोव्यात आले आणि साष्टीत रमले. तो काळ प्रश्न विचारण्याचा नव्हता. इन्क्विझिशन १५६० पासून सुरू होते. १५८३ मध्ये कुंकळ्ळीला पाच जेज्विट मारले गेले, त्यांचे देह मिळविण्याच्या खटपटीत स्टीफन्स होते. पाठोपाठ पोर्तुगीजांनी गावच्या पुढाऱ्यांना ठार केले. अशा प्रांतात लिहिलेल्या 'क्रिस्तपुराणा'त एक श्रोता उभा राहून पाद्रीगुरूला विचारतो. आमची जुनी पुराणे वाचायला तुम्ही मना केलीत, मग वेळ सार्थकी लावण्यासाठी त्यांच्या जागी तशी दुसरी का देत नाही? विनंतीच्या सुरात असला तरी तो आक्षेपच आहे. तुम्ही काढून घेतलेत, भरून दिले नाहीत, असा. स्टीफन्स तो आक्षेप गाळू शकले असते. त्यांनी तो ग्रंथारंभीच ठेवला, आणि पुढचे सारे पुराण त्याच्या उत्तरादाखल, त्याच्याच भाषेत, त्याच्याच छंदात सांगितले.

१६१६, १६४९ आणि १६५४ या तिन्ही जुन्या आवृत्त्यांची एकही प्रत आज हाती नाही. उरल्या त्या लोकांनी उतरून घेतलेल्या नकला, आणि त्यांवरून १९०७ मध्ये मंगळूरला जोसेफ साल्ढाणा यांनी ग्रंथ पुन्हा छापला. तोपर्यंत अडीचशे वर्षे नकला करणारे हात तो प्रश्नही ओवी ओवीने उतरून घेत राहिले. विचारणाऱ्याचे नाव कोणी लिहून ठेवलेले नाही.