पडद्यावरचे मुके जनावर

माणसाला हसू येते ते माणसावरच, असे फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांनी १९०० साली आपल्या हास्यविषयक ग्रंथात मांडले. जनावर पाहून आपण हसतो तेव्हा त्याच्यात माणसाची लकब दिसलेली असते. उमरी परिसरातील शेतकऱ्याला हे सहज पटावे. माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत लाल कंधारी वळू वा देवणी गाय उभी असते तेव्हा कोणी हसत नाही. लोक दात पाहतात, वशिंड पाहतात, चाल पाहतात. तेच जनावर पडद्यावर आले की प्रेक्षागृह खदखदते. हे हसणे निष्पाप म्हणावे काय?

उमेश कुलकर्णी यांच्या 'वळू' (२००८) या चित्रपटात देवाला सोडलेला डुरक्या कुसवडे गावात मोकाट फिरतो. गावात काही बिघडले की बोट त्याच्याकडेच जाते. शेवटी त्याला धरण्यासाठी वनाधिकाऱ्याला पाचारण होते. (वळू वन्य प्राणी केव्हापासून झाला, हे कोणी विचारू नये!) सरपंच, त्यांचे विरोधक, स्वतः साहेब, ज्याला त्याला या मोहिमेतून काहीतरी साधायचे आहे. डुरक्या मात्र आपल्या वाटेने चालतो. विनोद त्याच्यातून नव्हे, गावातून निघतो. ज्याला आपली बाजू सांगता येत नाही त्याच्यावर आळ घेणे किती सोपे असते, हे आपण पाहतो आणि त्यात रमतोही. आम्हांला अस्वस्थ करते ते हे रमणे. कारण मुकी केवळ गुरेच नसतात. चोरी झाली की उपऱ्याच्या पालाकडे, वेडसराच्या झोपडीकडे नजर वळतेच.

याच दिग्दर्शकाच्या 'देऊळ' या चित्रपटाला २०११ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार विभागून मिळाला. करडी गाईला शोधायला गेलेल्या केशाला दत्ताचे दर्शन घडल्याचा भास होतो, आणि गाव दत्ताच्या नावाने धावत सुटते. देऊळ उठते, दुकाने थाटली जातात. केशाचा जीव करडीवर; गावाच्या लेखी ती निमित्तमात्र.

इराणचे दारियुश मेहरजुई यांच्या 'गाय' (१९६९) या चित्रपटातील हसनकडे गावातली एकुलती एक गाय असते. तो परगावी असताना ती मरते. त्याला धक्का बसू नये म्हणून शेजारी तिला पुरतात आणि ती पळून गेल्याचे सांगतात. हसन गोठ्यात जाऊन वैरण खाऊ लागतो, आपणच ती गाय आहोत असे म्हणू लागतो. नुसती ऐकली तर ही गोष्ट विनोदी वाटेल. पाहताना हसू येत नाही.