गंगाधरपंतांच्या खिशातलं पान

जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा बऱ्याच जणांनी आधी इंग्रजीत वाचलेली असते, कारण एनसीईआरटीच्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पुस्तकात ती ‘द ॲडव्हेंचर’ या नावानं आहे. माझंही तसंच झालं. मराठी गोष्ट मला सीबीएसईच्या वाटेनं भेटली. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात जाऊन पडतात, जिथे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर मराठे जिंकलेत. फरक एका गोळीचा. आपल्याकडे ती विश्वासरावांना लागली, तिकडे कानाजवळून निघून गेली. पंत परत येतात तेव्हा त्यांच्याकडे एकच पुरावा असतो, खिशात राहिलेलं तिकडच्या बखरीचं फाटकं पान.

मला त्या लढाईपेक्षा ते पान जास्त छळतं. समजा, अशी पानं आणखी सापडू लागली. न घडलेल्या जगांचे प्रतिध्वनी गोळा करणारं एक शास्त्रच उभं राहिलं, प्रयोगशाळा निघाल्या, मग ॲप आलं. (येणारच. पहिला महिना फुकट.) तर आपण त्याचं काय करू?

खऱ्या विज्ञानात याला जागा नाही, हे आधीच सांगतो. ह्यू एव्हरेटनं १९५७ साली प्रिन्स्टनच्या आपल्या प्रबंधात क्वांटम सिद्धांताचा जो अर्थ लावला, त्यातून पुढे ‘अनेक जगां’ची कल्पना लोकप्रिय झाली. शक्य असलेले सगळे निकाल लागतात, प्रत्येक आपापल्या फांदीत. पण फांद्या एकदा वेगळ्या झाल्या की एकीचा निरोप दुसरीला पोचत नाही. खिशातलं पान ही कथाकाराची चैन.

ही चैन टेड चियांगनं २०१९च्या ‘अँग्झायटी इज द डिझिनेस ऑफ फ्रीडम’ या कथेत अगदी हिशेबानं केली आहे. तिथे ‘प्रिझम’ नावाचं यंत्र आहे. ते सुरू केलं की जगाला दोन फांद्या फुटतात आणि यंत्राची क्षमता संपेपर्यंत दोन्हीकडची माणसं एकमेकांशी बोलू शकतात. लोक अर्थातच स्वतःलाच गाठतात आणि तिकडच्या ‘मी’चं बरं चाललंय का, हे चाचपतात. त्यात डेना नावाची एक थेरपिस्ट आहे. शाळेत असताना तिनं मैत्रिणीवर आळ ढकलला, आणि पुढे त्या मैत्रिणीच्या आयुष्याची वाताहत झाली. हे ओझं ती वर्षानुवर्षं वागवते. शेवटी तिला दुसऱ्या जगांतले व्हिडिओ मिळतात. डेना जिथे वेगळी वागली, तिथेही मैत्रिणीचं तसंच झालेलं असतं. वाचताना डोळे भरून येतात. पण व्हिडिओ उलटे निघाले असते तर? पाठवायचे की डिलीट करायचे?

माझ्यापुरता हा प्रश्न हवेतला नाही. माझे सगळ्यात मोठे काका साडेतीन वर्षांचे असताना तापानं गेले. (साडेतीन वर्षांचे काका. हे मला अजून सरळ म्हणता येत नाही.) कोकणातलं गाव, आषाढ, नदीला पूर, डॉक्टर पलीकडच्या तीरावर. संध्याकाळी ताप थोडा उतरला, तेव्हा आजोबा म्हणाले, सकाळी बघू. सकाळी पाणी एवढं चढलं होतं की होडी घालायला कोणी तयार होईना. आजी त्यानंतर पन्नास वर्षं जगली आणि दर आषाढात एकदा तरी म्हणायची, “आदल्या सांजेलाच निघालो असतो तर...” आजोबा समोर असले तर उठून जायचे. बाकीचे म्हणायचे, होणारं चुकत नाही. जर-तरचं तोंड बंद करायला मराठीत आत्याबाईच्या मिशांची सोय आहे. मूल गेलेल्या बाईला ती म्हण ऐकवायची हिंमत मात्र कोणाची झाली नाही.

समजा, दोघंही हयात असताना माझ्या हाती तिकडचं पान आलं असतं, आणि त्यात काका वाचले होते. ते आजीला द्यायचं? सत्य लपवू नये, मान्य. पण हे कशाबद्दलचं सत्य? त्या संध्याकाळी आजोबांसमोर होतं ते एवढंच: उतरलेला ताप, वाढतं पाणी, पडत चाललेला अंधार. पान त्यात काहीच भर घालत नाही. ते फक्त निकाल आणतं, तोही दुसऱ्या कोर्टातला. तरी आजी ते पुरावा म्हणूनच वाचणार, आणि आरोपी पडवीत चहाची वाट बघत बसलेला.

आणि होडी उलटली, तिघंही गेले, असं पान मिळालं असतं तर? ते मी धावत नेऊन दिलं असतं. इथे मी अडतो. सोडवणारं पान दाखवायचं आणि अडकवणारं दाबायचं, तर पहिल्यालाही किंमत उरत नाही. नातू पानं निवडून दाखवतो हे आजीला कळलं की संपलं. मग डेनाचे व्हिडिओ तरी कोणी निवडले होते, असंही मनात येतं.

शिवाय मी यात त्रयस्थ नाही. बाबांचा जन्म काका गेल्यावर दीड वर्षानं झाला. डेरेक पार्फिटनं १९८४च्या ‘रीझन्स अँड पर्सन्स’मध्ये एक साधी गोष्ट मांडली आहे: गर्भधारणा महिनाभर जरी पुढेमागे झाली असती, तर त्या आईबापांना मूल झालं असतं, पण ते दुसरंच कोणी. म्हणजे काका जगले त्या जगात बाबा बहुधा नाहीत, मीही नाही. तिकडच्या आजीच्या मांडीवर वेगळी नातवंडं आहेत आणि माझी उणीव तिला भासत नाही. पानिपताच्या बाबतीतही हेच. शाळेत आपण सगळे मजेत विश्वासरावांना वाचवतो, पण ती गोळी चुकली असती तर वर्गातलं एकही पोर बाकावर उरलं नसतं, हे कोणी सांगत नाही. तेव्हा ते पान आजीला द्यावं की नाही, यावर माझं मत जरा सांभाळूनच घ्या. ते दडपण्यात माझा स्वार्थ आहे.

आजीनं हा हिशेब पार्फिट न वाचताच केला होता. एकदा भिजवलेले वाल सोलताना ती मध्येच म्हणाली, “तो राहिला असता तर तुझा बाप झाला असता की नाही, कोण जाणे.” मग तिनं माझ्याकडे पाहिलं आणि न सोललेल्या वालांचं पातेलं माझ्या बाजूला सरकवलं.